डॉ. रणबीर सार्टेन आणि कादिक्योयचा नट

'हॅलोविन' ही अमेरिकी भयपटांची जुनी मालिका. तिच्या 2018 सालच्या भागात डॉ. रणबीर सार्टेन नावाचा एक मानसोपचारतज्ज्ञ आहे. मुखवटा घालून माणसं मारत सुटणाऱ्या मायकेल मायर्सचा अभ्यास करण्यात त्याची वर्षं गेलीत, आणि आता त्या पेशंटचं वेड डॉक्टरलाच चढलंय. पेनात दडवलेल्या पात्याने तो एका पोलिसाला भोसकतो, मायकेलचा मुखवटा काढून स्वतःच्या तोंडावर चढवून पाहतो, आणि थोड्याच वेळात त्याच पेशंटच्या बुटाखाली त्याचं डोकं चिरडलं जातं. भयपटात डॉक्टरांचं असंच व्हायचं. मी मात्र वेगळ्याच गोष्टीत अडकले होते. नाव रणबीर, पण उच्चार पंजाबचे नाहीत, मुंबईचे नाहीत, लंडनमध्ये वाढलेल्या देशी माणसाचेही नाहीत. पटकथेत या माणसाला गाव नाही, घर नाही, आई-बाप नाहीत. कुठूनतरी पूर्वेकडून आलेला, एवढीच त्याची ओळख.

हा रणबीर म्हणजे हालुक बिल्गिनेर. तुर्कस्तानात आज जे थोर नट मानले जातात त्यांच्यातलं अगदी पुढचं नाव. 'हॅलोविन'ने जगभरात 25 कोटी डॉलरच्या वर गल्ला जमवला, म्हणजे बिल्गिनेरला एका वेळी सगळ्यांत जास्त लोकांनी पाहिलं ते बहुधा याच सोंगात. आणि त्याआधी चारच वर्षं, 2014 साली, ज्या चित्रपटाचा सगळा भार त्याच्या एकट्याच्या खांद्यावर होता त्या चित्रपटाला कान महोत्सवात पाल्म दोर, म्हणजे तिथला सर्वोच्च पुरस्कार, मिळालं होतं. एखाद्या नटाची आंतरराष्ट्रीय कारकीर्द मोजायची ती यातल्या कुठल्या टोकाकडून, हे मला बरेच दिवस ठरवता येत नव्हतं. आता येतं, असं वाटतं. म्हणून हा लेख.

आधी परदेशी भूमिकांची यादी पाहू, कारण ती वाचताना हसूही येतं आणि चिडचिडही होते. 2001 सालच्या 'बफेलो सोल्जर्स'मध्ये तो चक्क 'द टर्क' आहे, नावाची गरजच नाही. 2009 सालच्या 'द इंटरनॅशनल'मध्ये क्लाइव्ह ओवेन बँकेच्या काळ्या धंद्यांचा माग काढत इस्तंबूलला पोचतो, तिथे भेटणारा उद्योगपती अहमेत सुनाय हा बिल्गिनेर. मॅडोनाने दिग्दर्शित केलेल्या 2011 सालच्या 'डब्ल्यू. ई.'मध्ये तो हॅरॉड्सचा इजिप्शियन मालक मोहम्मद अल-फाएद. 2014 सालच्या 'रोझवॉटर'मध्ये तो इराणी बाप. मुलगा तेहरानच्या तुरुंगात आहे आणि वारलेला बाप त्याच्या मनात येऊन बोलत बसतो. मुलाची भूमिका मेक्सिकोच्या गाएल गार्सिया बेर्नालने केलीय. म्हणजे बाप तुर्की, मुलगा मेक्सिकन, दोघंही इराणी आणि बोलतात इंग्रजी. 2016 सालच्या 'बेन-हर'मध्ये तो सिमोनिडीस नावाचा ज्यू झाला, आणि त्या चित्रपटाला निर्मितीचा खर्चसुद्धा तिकीटबारीवर भरून काढता आला नाही. 'अॅलेक्स रायडर' या 2020 सालच्या मालिकेत तो आल्प्समधल्या शाळेत मुलांवर भलतेच प्रयोग करणारा डॉ. ग्रीफ आहे. आणि मध्ये आपला रणबीर.

तुर्की, इजिप्शियन, इराणी, ज्यू, आणि कागदोपत्री भारतीय. पश्चिमेच्या कास्टिंगवाल्यांच्या लेखी भूमध्य समुद्राच्या पूर्वेकडचा सगळा प्रदेश म्हणजे एकच मोठी चाळ असावी, कुठल्याही खोलीतून कुणालाही बोलवा.

यावर नाकं मुरडायला सोपं आहे, पण आपणही यातले नाही असं कुणी म्हणू नये. मुंबईत हिंदी सिनेमा आणि मराठी रंगभूमी एकाच लोकलने प्रवास करतात, तरी नाटकात महाराज, वकील, प्राध्यापक उभे करणाऱ्या मराठी नटांना हिंदीत वर्षानुवर्षं हवालदार व्हावं लागलं आणि नट्यांना कामवाली बाई. परराज्यातसुद्धा नाही, स्वतःच्याच शहरात. त्यांतल्या कितीतरी जणांनी त्या दोन प्रवेशांच्या हवालदारातसुद्धा काहीतरी जिवंत घातलं, हे वेगळं. बिल्गिनेरही तेच करतो. 'रोझवॉटर'मधला त्याचा बाप पाहा. वाट्याला फार प्रवेश नाहीत, पण तुरुंगातल्या मुलाशी बोलताना त्याच्या आवाजात प्रेम जितकं आहे तितकीच जुन्या कम्युनिस्ट कार्यकर्त्याची हेटाळणीही आहे. आपण सोसलं तसं याला सोसता येत नाही, ही ती हेटाळणी. त्या थोड्या मिनिटांत एका पिढीचा ताठा दिसतो.

बिल्गिनेरचा जन्म 1954 सालचा, इझमीरचा. इझमीर म्हणजे एजियन समुद्रावरचं मोठं बंदर, तुर्कस्तानातल्या मोकळ्याढाकळ्या शहरांपैकी एक. नाटकाचं शिक्षण अंकाराच्या सरकारी कॉन्झर्व्हेटरीत. ही संस्थाच मोठी गंमतीची आहे. अतातुर्कच्या नव्या प्रजासत्ताकाला युरोपच्या धर्तीवर नाट्यशिक्षण हवं होतं, आणि त्याच सुमारास हिटलरच्या जर्मनीतून बाहेर पडलेली कलावंत मंडळी ठिकाणा शोधत होती. कार्ल एबर्ट हा जर्मन दिग्दर्शक 1930च्या दशकात अंकाराला आला आणि त्याने तिथलं नाट्यशिक्षण उभं केलं. तुर्की नटांच्या पुढच्या पिढ्या त्या शिस्तीत तयार झाल्या: आवाज, उच्चार, शरीर, ग्रीक शोकांतिका, शेक्सपिअर, मोलिएर, चेखव. बिल्गिनेर 1977 साली तिथून बाहेर पडला आणि लंडनला जाऊन लामडा या नाट्यअकादमीत पुन्हा शिकायला बसला. अंकाराचं शिक्षण पुरं झालेल्या नटाने परक्या भाषेत परत विद्यार्थी व्हायचं, हे धाडसच. तुर्कस्तानातली ती वर्षंही धड नव्हती. डाव्या-उजव्या तरुणांत रस्त्यावर गोळ्या चालत होत्या आणि 1980च्या सप्टेंबरात लष्कराने सत्ता घेतली. तो गेला ते यामुळे, असं मी म्हणणार नाही. पण मागे राहिलेलं घर कसं होतं ते लक्षात ठेवायला हवं.

लंडनमध्ये त्याचं नाव झालं ते रंगमंचामुळे नाही, टीव्हीमुळे. 1985च्या फेब्रुवारीत बीबीसीवर 'ईस्टएंडर्स' ही मालिका सुरू झाली. पूर्व लंडनमधला एक काल्पनिक चौक, मधोमध पब, बाजूला बाजार, कॅफे, लाँड्री. तेव्हा आठवड्याला अर्ध्या-अर्ध्या तासाचे दोन भाग. आजही चालू आहे. सुरुवातीच्या कुटुंबांत एक घर तुर्की सायप्रसमधून आलेल्या अली उस्मानचं, त्याच्या कॅफेसकट. बिल्गिनेर आला तो या अलीचा भाऊ मेहमेत होऊन. जुगारी, रंगेल, गोडबोल्या, भावाच्या धंद्यात आणि संसारात सारखी लुडबुड करणारा. 1985 ते 1989 अशी वर्षं त्याने तो मेहमेत केला.

आता हे काम काही अभिजात वगैरे नव्हे. पण त्या काळी 'ईस्टएंडर्स' काय होतं याचा अंदाज यावा म्हणून एकच आकडा देते: 1986च्या नाताळच्या भागाला, फेरप्रक्षेपण धरून, तीन कोटींहून अधिक प्रेक्षक होते. ब्रिटनची लोकसंख्या तेव्हा पावणेसहा कोटींच्या आत. निम्मा देश. या मालिकेतला ठरलेला चेहरा म्हणजे भाजी घेताना ओळखला जाणारा माणूस. उत्तर लंडनमध्ये सायप्रसहून आलेल्या तुर्कांची मोठी वस्ती होती, शिवणकामाच्या कारखान्यांत आणि कॅफेंत राबणारी, आणि टीव्हीवर त्यांच्यासारखा चेहरा क्वचितच दिसे. तो दिसला तेव्हा नेमका जुगारी निघाला, अशी कुरकुर करायला जागा आहे. मी ती करतेही. पण मेहमेतचा लफंगेपणा बिल्गिनेरने तोंडी लावण्यापुरता ठेवला नाही. पडद्यावर आला की काहीतरी बिनसणार हे कळायचं आणि तरी तो यावा असं वाटायचं. खलनायकाला हे जमणं म्हणजे निम्मी लढाई.

एवढं सगळं हातात असताना माणूस परत गेला, ही खरी गोष्ट. आपल्याकडच्या हिशोबात हे बसत नाही. लंडनची मालिका सोडून इस्तंबूलला? तिथे काय ठेवलंय?

तिथे नाटक होतं. 1987 सालच्या एका तुर्की मालिकेच्या निमित्ताने त्याची झुहाल ओल्जायशी गाठ पडली. ती स्वतः अंकाराच्या कॉन्झर्व्हेटरीतली, अभिनेत्री आणि गायिका, पुढे त्याची पत्नीही झाली. ओल्जाय, अहमेत लेव्हेन्दोलू आणि बिल्गिनेर यांनी 1990 साली 'तियात्रो स्तुद्योसू' ही नाटकमंडळी काढली. आणि 1999 साली ओल्जाय आणि बिल्गिनेरने 'ओयुन आतोल्येसी' सुरू केली. या दुसऱ्या संस्थेने पुढे मोदा भागात स्वतःचं छोटं नाट्यगृह बांधलं.

मोदा म्हणजे कादिक्योयचा एक कोपरा, आणि कादिक्योय म्हणजे इस्तंबूलचा आशियाई काठ. पर्यटक बहुतेक पलीकडे राहतात, युरोपच्या बाजूला, मशिदी आणि राजवाड्यांमध्ये. कादिक्योयला जायला बोस्फोरसवरची बोट पकडायची, वीसेक मिनिटांचा प्रवास. उतरलं की मासळीबाजार, पुस्तकांची दुकानं, चहाचे कट्टे, समुद्राकडे उतरणाऱ्या गल्ल्या. नाटकाशी या भागाचं नातं जुनं आहे. 1920 साली आफिफे जाले ही मुसलमान तरुणी कादिक्योयच्याच अपोलोन थिएटरमध्ये रंगमंचावर उभी राहिली. मुसलमान बाईने नाटकात काम करणं तेव्हा मना होतं. पोलीस तिच्या मागे लागले, पुढे संस्थेतून तिचं नाव काढलं गेलं आणि बाईची शेवटची वर्षं फार हालात गेली. आज तिच्या नावाने तुर्कस्तानातले नाट्यपुरस्कार दिले जातात. नटाला जिवंतपणी हाकलायचं आणि मेल्यावर त्याच्या नावाची ढाल वाटायची, ही रीत फक्त आपलीच नाही तर.

स्वतःचं नाट्यगृह चालवणं म्हणजे काय, हे ज्यांनी प्रायोगिक नाटकाच्या तारखांसाठी लोकांचे उंबरे झिजवलेत त्यांना सांगायला नको. वीजबिल, दुरुस्ती, तालमीची जागा, रिकाम्या खुर्च्या. तिकडे एक सोय आहे, तीही आपल्यासारखीच: टीव्ही. नाटकवाला माणूस मालिका करतो आणि घर चालवतो. बिल्गिनेरने केलेली 'तातली हायात' ही विनोदी मालिका 2001 ते 2004 चालली. मूळ अमेरिकेतलं, कृष्णवर्णीय कुटुंबाच्या उत्कर्षाची गोष्ट सांगणारं 'द जेफरसन्स', त्याचा हा तुर्की अवतार. नायक कपडे धुण्याच्या दुकानांवर पैसे कमावून श्रीमंत वस्तीत राहायला आलेला, फुशारक्या मारणारा. पत्नीच्या भूमिकेत त्युर्कान शोराय, जिला तुर्की प्रेक्षक 'सुलतान' म्हणतात. मग 'एझेल' या गाजलेल्या सूडकथेत तो केनान बिरकान नावाचा थंड डोक्याचा खलनायक झाला. तुर्कस्तानात घराघरांत माहीत असलेला बिल्गिनेर हा. मोदाच्या थिएटरात तिकीट काढणाऱ्यांतले काही जण टीव्हीवरच्या त्या इसमाला प्रत्यक्ष पाहायला येत असतील, आणि त्यांच्यासमोर तो शेक्सपिअर ठेवत असेल. यात फसवणूक नाही. मराठी नाटकाच्या जाहिरातीत मालिकेतल्या चेहऱ्यांचे फोटो मोठे का छापतात ते आपल्याला माहीत आहेच.

2012 साल मला या कारकिर्दीत सगळ्यांत आवडतं. लंडनमध्ये ऑलिम्पिक होतं आणि त्यानिमित्ताने थेम्सकाठच्या ग्लोब थिएटरने एक वेडा बेत केला: शेक्सपिअरची 37 नाटकं, 37 भाषांत, दीड महिन्यात. प्रत्येक भाषेची मंडळी आपापल्या देशातून येणार, दोन-तीन प्रयोग करून परत जाणार. 'अँटनी अँड क्लिओपात्रा' आलं तुर्कीच्या वाट्याला आणि ते घेऊन गेली ओयुन आतोल्येसी. दिग्दर्शक केमाल आयदोआन, क्लिओपात्रा झेरिन तेकिन्दोर, अँटनी हालुक बिल्गिनेर.

ज्या शहराने त्याला मेहमेत म्हणून ओळखलं होतं त्या शहरात, तेवीस वर्षांनी, तो रोमचा सेनापती होऊन उभा राहिला. आणि बोलला तुर्कीत. ग्लोबला छप्पर फक्त कडेकडेने आहे, मधला चौक उघडा. उभ्याने पाहणारे (तेव्हा पाच पौंडांत) सातशेजण रंगमंचाला खेटून असतात, नटाला त्यांचे चेहरे दिसतात, प्रेक्षागृहात अंधार नाहीच. त्या महोत्सवात वाक्यावाक्याचं भाषांतर पडद्यावर दाखवायचं नाही असं ठरलं होतं, प्रवेशात काय घडतंय याचा सारांश तेवढा दिसे. म्हणजे ज्याला तुर्की येत नाही त्याने नटाकडे पाहावं. परदेशात खेळताना नटाला याहून न्याय्य अट मिळत नाही. इंग्रजीत त्याच्या उच्चारांवर त्याचा देश ठरे, इथे उच्चारांना मोजणारं कुणी नव्हतं.

याच महोत्सवात मुंबईहून दोन मंडळी गेली होती. अतुल कुमारच्या द कंपनी थिएटरने 'ट्वेल्फ्थ नाइट' हिंदीत केलं, 'पिया बहुरूपिया'. त्यात व्हायोला होती आपली गीतांजली कुलकर्णी. सुनील शानबागने 'ऑल्स वेल दॅट एंड्स वेल' गुजरातीत केलं, मुंबईतल्या जुन्या गुजराती नाटकांच्या भांगवाडी परंपरेच्या अंगाने. मराठी त्या सदतीस भाषांत नव्हती. आपल्याकडे शेक्सपिअरची दीडशे वर्षांची कमाई असताना नव्हती, याची चुटपुट मला आहे. गीतांजलीच्या गाण्यात आणि उभं राहण्यात मराठी रंगभूमी जेवढी ग्लोबला पोचली तेवढीच.

आणि ते नाटक लंडनला जाण्याआधी काहीच आठवडे इस्तंबूलमध्ये काय चाललं होतं? त्या एप्रिलमध्ये महापालिकेने शहर रंगभूमीच्या नियमांत बदल केले आणि नाटकं निवडण्याचा अधिकार कलावंतांकडून अधिकाऱ्यांकडे गेला. नट रस्त्यावर उतरले. तेव्हा पंतप्रधान असलेल्या एर्दोआन यांनी उलट सरकारी रंगभूमीच खासगी करून टाकू अशी भाषा केली. बिल्गिनेरची मंडळी सरकारी नव्हती. पण सरकारी नाट्यगृहांवर पोसलेल्या देशात तो वाद शेजारच्या घराचा नव्हता.

मग आला दिग्दर्शक नुरी बिल्गे जेयलानचा 'विंटर स्लीप', सुरुवातीला म्हटलेला तो पाल्म दोरवाला चित्रपट. तुर्कस्तानातल्या कापादोकियाच्या खडकांत कोरलेलं एक छोटं हॉटेल, नाव हॉटेल ऑथेल्लो. मालक आयदिन, पूर्वीचा रंगभूमीवरचा नट. वडिलोपार्जित घरं भाड्याने दिलेली. स्थानिक वर्तमानपत्रात सदर लिहितो आणि तुर्की रंगभूमीचा इतिहास लिहायचं मनात आहे. तरुण बायको निहाल, घटस्फोट घेऊन परतलेली बहीण नेज्ला. बाहेर बर्फ पडायला लागतं आणि आत माणसं बोलायला लागतात. तीन तास सोळा मिनिटं. चेखव जागोजाग जाणवतो.

मराठी प्रेक्षकाला निवृत्त नट म्हटलं की घराबाहेर पडलेला, पल्लेदार स्वगतं बोलणारा म्हातारा दिसतो, आणि त्याच्यासाठी आपण रुमाल तयार ठेवतो. आयदिनसाठी रुमाल लागत नाही. त्याच्याकडे घर आहे, भाडेकरू आहेत, मतं आहेत. तो कुणावर हात उगारत नाही, आवाजही क्वचितच चढवतो. सुसंस्कृतपणाने, हसतहसत, समजावून सांगत तो सभोवतालच्या माणसांचा श्वास कोंडून टाकतो. भाडं थकलेल्या कुटुंबातला पोरगा त्याच्या गाडीच्या काचेवर दगड मारतो तेव्हासुद्धा आयदिन भांडत नाही. ते काम ड्रायव्हर करतो, हा बाजूला उभा राहतो.

त्यातला बहीण-भावाचा प्रवेश मी पुन्हापुन्हा पाहिलाय. आयदिन मेजाशी बसून लिहितोय, पाठीमागे कोचावर देमेत अकबाची नेज्ला पडलीय. गप्पा त्याच्या सदरावरून सुरू होतात. मग हळूहळू ती त्याच्या लिखाणाची, मग त्याच्या स्वभावाची, मग सगळ्या आयुष्याची साल काढायला लागते. भाऊ बराच वेळ वळत नाही. बिल्गिनेरच्या पाठीवरून, मानेवरून, चष्मा सारखा करण्यावरून आपल्याला कळतं की बाण कुठे लागतोय. आणि तो वळतो तेव्हा तोंडावर एक हसू असतं. वादात आपण वरचढ आहोत याची खात्री असलेल्या सुशिक्षित पुरुषाचं हसू. पुण्या-मुंबईतल्या कितीतरी दिवाणखान्यांत मी ते पाहिलंय, एक-दोनदा आरशातही.

हा प्रवेश इंग्रजीतल्या कुठल्याही भूमिकेने त्याला देऊ केला नव्हता, देऊही शकली नसती. रणबीर सार्टेनला भूतकाळ नाही. आयदिनला आहे, आणि तो त्याच्या कोटाच्या कापडापर्यंत पोचलाय. लंडनमध्ये टीव्हीवर नाव झाल्यावर पुढे काही वर्षं तिथे थांबला असता तर कदाचित आणखी दहा अहमेत आणि मोहम्मद त्याच्या वाट्याला आले असते. तो परत आला, वीसेक वर्षं बोटीच्या पलीकडच्या काठावर नाटकं करत राहिला, आणि जगाने त्याला गंभीरपणे पाहिलं ते त्या मुक्कामातून निघालेल्या कामासाठी. माझं म्हणणं एवढंच आहे. परदेशी भूमिकांच्या यादीत त्याची आंतरराष्ट्रीय कारकीर्द शोधणारा माणूस चुकीच्या पानावर आहे.

चित्रपटात ओमर शरीफचा उल्लेख येतो, आयदिनच्या हॉटेलात येऊन गेलेला बडा पाहुणा म्हणून. जेयलानने हे सहज घातलेलं नाही. ओमर शरीफ म्हणजे कैरोतला तारा, जो पश्चिमेत गेला आणि अरब, रशियन, मंगोल सगळं झाला. आयदिन त्या भेटीची आठवण मिरवतो. आणि ते वाक्य म्हणणारा नट स्वतः कुठून काय होऊन आलाय, हे त्या वेळी आपल्याला ठाऊक असतं.

कानला तो चित्रपट पोचला तेव्हा नुकताच, 13 मे 2014 रोजी, तुर्कस्तानातल्या सोमा गावी कोळशाच्या खाणीत 301 माणसं मेली होती. रेड कार्पेटवर चित्रपटाच्या चमूने सोमाच्या नावाचे फलक धरले. पाल्म दोर स्वीकारताना जेयलानने ते देशातल्या तरुणांना आणि वर्षभरात जीव गमावलेल्यांना अर्पण केलं. आधीच्या वर्षी इस्तंबूलच्या गेझी पार्कपासून पेटलेल्या सरकारविरोधी आंदोलनात तरुण मुलं मेली होती. तुर्की चित्रपटाला याआधी हा मान मिळाला होता 1982 साली, 'योल'ला. त्याचा लेखक यल्माझ ग्युने तुरुंगातून पळून परदेशी गेलेला होता. म्हणजे दोन्ही वेळा मंचावर देशातली काहीतरी जखम बरोबर गेली.

पुरस्कारांची गोष्ट निघालीच आहे तर बिल्गिनेरला सर्वोत्तम अभिनेत्याचा म्हणून मिळालेला 2019चा आंतरराष्ट्रीय एमी, हा टीव्हीवरच्या कामाचा पुरस्कार. मालिका 'शाहसियेत', म्हणजे 'पर्सोना'. लेखक हाकान गुन्दाय, दिग्दर्शक ओनुर सायलाक. न्यायालयात कारकुनी करून निवृत्त झालेला आगाह बेयोलू एकटा राहतो, सोबतीला एक मांजर. अल्झायमर झाल्याचं निदान होतं आणि तो विचार करतो: आता सगळं विसरणारच आहे, तर जे करायचं राहिलं ते करून टाकू. करायचे राहिलेत ते खून. त्यामागे एका गावाने मिळून गिळलेला जुना गुन्हा आहे. आपण विसरायला लागलोय याची आगाहला भीती आणि सगळ्या गावाला मात्र विसरून जाण्याची हौस. यातून लेखकाने जो पीळ काढलाय तो मी इथे उलगडत नाही.

ही मालिका होऊ शकली त्याला एक धंद्याचं कारण आहे. तुर्की वाहिन्यांवर मालिकेचा भाग आठवड्याला एक आणि लांबी दोन तासांच्या पुढे, म्हणजे दर आठवड्याला एक चित्रपट. कलावंत-तंत्रज्ञांनी 2010 साली याविरुद्ध इस्तंबूलमध्ये मोर्चाही काढला होता. एवढी लांबी भरायची तर टक लावून पाहणं, पाऊस आणि संगीत याला पर्याय नाही. आपल्याकडे 'जिंदगी' वाहिनीवर ज्यांनी 'फेरिहा' आणि 'फातमागुल' पाहिल्या त्यांनी त्याच लांबीचे तुकडे केलेले पाहिले. 2017च्या आसपास तिथे इंटरनेटवरच्या वाहिन्या आल्या आणि बारा भागांत संपणारी घट्ट गोष्ट सांगता येऊ लागली. बिल्गिनेर पहिल्यापासून त्यात होता. 'मासुम'मध्ये निवृत्त पोलीस अधिकारी, मग 'शाहसियेत'मध्ये आगाह. साठी ओलांडलेल्या रंगभूमीच्या नटाला नव्या माध्यमाने मध्यभागी आणून ठेवलं.

एमी दिले गेले त्या न्यू यॉर्कमधल्या संध्याकाळी भारतातूनही मंडळी होती. सर्वोत्तम अभिनेत्रीच्या नामांकनांत 'लस्ट स्टोरीज'साठी राधिका आपटे होती, पुण्यात 'आसक्त'च्या नाटकांतून वर आलेली. तो पुरस्कार हंगेरीच्या मारिना गेराला गेला. अभिनेत्याचा मात्र पूर्वेकडे आला, आणि तोही तुर्कीत बोललेल्या भूमिकेसाठी.

ज्यांनी त्याला अजून पाहिलं नाही त्यांनी सुरुवात 'शाहसियेत'पासून करावी, पहिले दोन भाग दम धरून. 'विंटर स्लीप' रात्री जेवणानंतर लावू नका, रविवारी दुपारी लावा, आणि घरात कुणी सदर लिहिणारे काका असतील तर त्यांना शेजारी बसवा. 'बेन-हर' नाही पाहिला तरी चालेल. 'हॅलोविन' पाहायचाच असेल तर रणबीरच्या पहिल्या प्रवेशापुरता पाहा. मनोरुग्णालयाच्या आवारात तो पाहुण्यांना मायकेलबद्दल सांगत असतो, आणि हात कसे वापरतो ते बघा. डोकं चिरडण्याचं दृश्य मी दोन बोटांच्या फटीतूनच पाहिलंय, त्याबद्दल मला काही विचारू नका.